मावशीच्या फोटोतला फुगा

कर्जतला माझा दातांचा दवाखाना आहे. दिवसभर लोकांना खुर्चीत मागे रेलवायचं आणि "अजिबात दुखणार नाही, फक्त हलू नका" असं सांगायचं, हा माझा धंदा. लग्नाआधी केशरचनेच्या चाचणीसाठी मी पार्लरच्या खुर्चीत बसले आणि तिथल्या मालकीणबाई कंगवा उगारून म्हणाल्या, "डॉक्टरताई, कायपण दुखणार नाय, फकस्त हलू नका." माझे पेशंट खुर्चीचे हात एवढे घट्ट का धरतात, ते त्या क्षणी कळलं.

लग्न उघड्यावर करायचं, हा हट्ट माझा. मामाची कडावला आंब्याची बाग आहे, बाजूला भाताची खाचरं आणि समोर डोंगर. हॉलमधल्या खुर्च्यांच्या पांढऱ्या खोळी आणि त्यांच्या पाठीवरचे लाल बो मला बघवत नव्हते. केसांचा हट्टही माझाच. मावशीचा लग्नाआधीचा एक काळा-पांढरा फोटो माझ्या मोबाइलमध्ये होता. कपाळावर हा एवढा फुगा, कानांपुढे एकेक नाजूक वळलेली बट, मागे भरदार अंबाडा, आणि पाठीमागे फुललेली बाग. वाऱ्याची झुळूक येत असावी असा चेहरा. ठरलं. जुन्या वळणाचीच केशरचना आणि तीही बागेतच.

मालकीणबाईंनी फोटो जवळ नेऊन, लांब धरून, उलटा करूनसुद्धा पाहिला.

"ही बाई कोण?"

"मावशी."

"केस सगळे तिचेच हायत?"

"म्हणजे काय! तिचेच."

"तुमचे एवढे नायत," त्या म्हणाल्या आणि कामाला लागल्या.

त्या कर्जतमधल्या जुन्या कोकणी मुसलमान घरातल्या. बाजारपेठेतल्या निम्म्या नवऱ्या त्यांच्या हाताखालून गेलेल्या, त्यामुळे नवरीचं मत विचारायची त्यांना सवयच नव्हती. उलटा कंगवा मारून त्यांनी माझ्या केसांचं रान केलं, त्या रानाचा डोंगर केला आणि डोंगरावर स्प्रे मारला. मग पुन्हा मारला. शेवटी बोटाने टिचकी मारून पाहिली. आवाज आला. "झालं," त्या समाधानाने म्हणाल्या. "आता भूकंप आला तरी हलणार नाय."

पण मला भूकंपाची नाही, वाऱ्याची काळजी होती. कडावला दुपारी डोंगराकडून जो वारा सुटतो, त्याने वाळत घातलेल्या साड्या शेजारच्याच्या कुंपणावर जातात. म्हणून मी ठरवलं, की केस तसेच ठेवून थेट बागेत जायचं आणि पाहायचं. स्कूटरवर बसले, तर हेल्मेट डोक्यावर उतरेना. शेवटी स्कूटर पार्लरसमोर ठेवली आणि रिक्षा केली. रिक्षाच्या टपाला फुगा टेकत होता म्हणून अख्खा रस्ता मान तिरकी करून बसले. रिक्षावाल्याने आरशातून दोनदा पाहिलं आणि विचारलं, "मान धरलीय का, ताई?"

बागेत पोचले, तर त्या दिवशी नेमका वारा पडलेला. पान हलत नव्हतं. मामा खळ्यावर भात उफणत होता. आता सुपाने कोण उफणतं! एक मोठा उभा पंखा लावायचा, त्याच्यासमोर भात ओतायचं, दाणा खाली पडतो आणि भुसकट उडून जातं. मामाने मला नीट पाहून घेतलं.

"ह्ये काय गं डोक्यावर?"

मी समजावून सांगितलं. जुनी पद्धत, बाग, वारा, सगळं.

"मंग वाराच पायजे ना तुला? इकडं ये. पंख्यासमोर उभी ऱ्हा."

मला कल्पना एकदम शास्त्रीय वाटली. मी पंख्यासमोर उभी राहिले, डोळे मिटले आणि चेहऱ्यावर मावशीसारखा झुळूक अंगावर घेतल्याचा भाव आणला. मामाने बटण दाबलं. पंख्याच्या पुढ्यात अर्धी पाटी भात तसंच पडलेलं होतं, ते त्यालाही दिसलं नाही आणि मलाही.

फुगा हलला नाही, हे मालकीणबाईंच्या बाजूने सांगायलाच हवं. पण त्यावरचा स्प्रे अजून चिकट होता आणि उडालेलं सगळं भुसकट येऊन त्यावर बसलं. मी डोळे उघडले तेव्हा मामा तोंडावर उपरणं धरून उभा होता. आधी वाटलं, धुळीमुळे. मग त्याचे खांदे हलताना दिसले.

"कशी दिसते?" मी विचारलं.

"आपल्या म्हशी बांधलेल्या हायत, म्हणून बरं," मामा म्हणाला.

तेवढ्यात फाटकाशी गाडी थांबली. साजगावच्या कारखान्यात इंजिनिअर असलेला माझा होणारा नवरा आणि त्याची आई मांडवाची जागा पाहायला आली होती. येणार हे मला माहीत होतं, पण उद्या. सासूबाई खोपोलीच्या शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेल्या. मोजकं बोलणाऱ्या. तोवर मी त्यांच्यासमोर कायम इस्त्रीच्या कपड्यांत गेले होते. आता माझ्या डोक्यावर गवताची गंज होती.

नवरा म्हणाला, "हे लग्नाच्या दिवशीचं आहे?"

"चाचणी आहे," मी म्हटलं.

"कसली?"

सासूबाईंनी त्याला हाताने गप्प केलं, मला आंब्याखालच्या बाजेवर बसवलं आणि चष्मा पुसून माझ्या डोक्यातली एकेक काडी वेचू लागल्या. मग त्यांनी विचारलं, "मूळ काय करायचं होतं?" मी मोबाइलवरचा फोटो दाखवला. त्या खूप वेळ बघत राहिल्या. "हे नुसत्या केसांनी होत नाही," त्या म्हणाल्या. "आत काहीतरी आहे."

"तिलाच इचारू की," म्हणत मामाने चौक गावी राहणाऱ्या मावशीला फोन लावला आणि आवाज मोठा केला. तिच्या फुग्यात काय होतं, असं मी विचारलं.

"कोण कोण आहे तिथे?" मावशीने विचारलं.

"सगळे," मी म्हणाले.

"मोजे होते."

"काय?"

"नायलॉनचे मोजे गं. गोळे करून भरलेले. शाळेतले."

"कोनाचे?" मामाने विचारलं. त्याचा चेहरा बदलत चालला होता.

"तुझेच रे. दुसऱ्या कोणाचे असणार?"

"मास्तरांनी मला अंगठे धरून उभा केलावता! बिनमोज्यांचा आला म्हणून!" मामा साठी उलटलेला, पण आवाज थेट पाचवीतला आला. पलीकडे मावशी हसत सुटली. हसू आवरल्यावर तिने बागेचंही सांगून टाकलं. बाग स्टुडिओतल्या पडद्यावर रंगवलेली होती. वाऱ्याची झुळूक वगैरे काही नव्हतं, उकडत होतं म्हणून चेहरा तसा आला होता. "फोटो स्थळांना दाखवायला काढलेला. पहिलाच मुलगा बघायला आला आणि म्हणाला, फोटोत मुलगी उंच वाटली होती."

यावर माझ्या डोक्यामागून एक विचित्र आवाज आला. सासूबाई हसत होत्या. काडी हातात धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. त्यांना तसं हसताना मी पहिल्यांदाच पाहिलं आणि त्यानंतर मला त्यांची भीती वाटली नाही.

बाजेवर बसूनच मग सगळं ठरलं. फुगा रद्द. मावशीच्या म्हणण्याप्रमाणे त्या काळी आणखी एक तऱ्हा होती. ओल्या केसांच्या कपाळालगत लाटा पाडायच्या, आकड्यांनी दाबून वाळू द्यायच्या आणि मागे मानेवर सैलसा अंबाडा घालायचा. सासूबाईंनी त्यात अबोलीचा गजरा सुचवला. मालकीणबाईंना हे कळवलं तेव्हा त्या आधी रुसल्या आणि मग म्हणाल्या, "बरं झालं. त्या डोंगरावर अक्षता अडकल्या असत्या, कोन काढनार व्हतं?"

लग्नाच्या दिवशी दुपारी वारा सुटला, आणि असा सुटला की अंतरपाट शिडासारखा फुगला. धरणाऱ्या दोघांचे पाय घसरू लागले आणि गुरुजींनी मंगलाष्टकांचा वेग वाढवला. माझी एक बटही हलली नाही. शेवटच्या "सावधान"ला नवऱ्याचा फेटा मात्र डोक्यावरून उचलला गेला, वरच्या वर सुटला आणि लांबलचक केशरी शेपूट फडकवत वालाच्या शेतात गेला. करवल्यांच्याही आधी फोटोग्राफर धावला. फेटा हाती आला तो चिखलात माखलेला, आणि फेटे बांधणारा केव्हाच पुढच्या लग्नाला गेला होता.

नवरा मग दिवसभर बोडक्या डोक्याने वावरला. त्याचे केस पुढून विरळ आहेत, हे आमच्याकडच्या बऱ्याच नातेवाइकांना तेव्हाच कळलं. उन्हात पंगती फिरून संध्याकाळपर्यंत त्याचं कपाळ लाल झालं. निघायच्या वेळी सासूबाईंनी पर्समधून मलमाची छोटी डबी काढली, त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि ती माझ्या हातात दिली.

"घे," त्या म्हणाल्या. "आता हे काम तुझं."