नाझियाच्या फोनमधलं माझं नाव

त्या सोमवारी नाझिया मला "गुड मॉर्निंग, मीनल मॅडम" म्हणाली आणि मी घाबरले.

तुम्ही म्हणाल, यात घाबरण्यासारखं काय आहे? तशी मी कशालाही घाबरते. कुकरची शिट्टी झाली तरी दचकते, आणि तो कुकर मीच लावलेला असतो! पण या गुड मॉर्निंगला घाबरायला कारण होतं. मी नोकरीला लागल्यापासून नाझिया मला रोज सकाळी एकाच शब्दानं हाक मारत आली होती, आणि तो शब्द होता 'अ‍ॅसहोल'.

लिहिला बाई एकदाचा! तोंडानं अजून जमत नाही.

दुसऱ्यांच्या ऑफिसात खरकटे कप साठतात, जुन्या फायली साठतात. आमच्याकडे या एका शब्दाचे किस्से साठलेत. झाडून काढले तरी टेबलाखाली एखादा सापडतोच. त्याला कारण आमचं काम.

छावणी भागात एका चपलांच्या दुकानाच्या वर आमचं छोटंसं ऑफिस आहे. परदेशातली माणसं व्हिडिओखाली ज्या कॉमेंट लिहितात त्या आम्ही वाचतो आणि एकेकीला रंग देतो. प्रेमाची असेल तर हिरवा, कुरकुर असेल तर पिवळा, शिवी असेल तर लाल. लाल दिली की कॉमेंट उडते. घरी मी 'इंग्रजीचं काम' एवढंच सांगितलंय. आई शेजारणींना अभिमानानं सांगते, "आमची मीनल दिवसभर इंग्रजी वाचते!"

काय वाचते, ते देवाला ठाऊक.

*

माझा पहिला दिवस. शिकवायला नाझिया. पहिलीच कॉमेंट आली ती अशी, की कुणीतरी आपल्या मित्राला 'हॅपी बर्थडे, यू ओल्ड अ‍ॅसहोल' लिहिलेलं. मी दचकले, इकडेतिकडे बघितलं आणि पटकन लाल बटण दाबलं.

"अगं ए! त्याचा वाढदिवस उडवला की तू!" नाझिया ओरडली.

"पण तो शब्द..."

"शब्द नको बघू. शब्दाच्या आजूबाजूला कोण उभं आहे ते बघ." मग तिनं मला या विषयाचं अख्खं व्याकरण शिकवलं. शब्दाच्या आधी 'माझा' असेल तर समजायचं, जीव आहे, हिरवा. 'म्हातारा' असेल तर जुनी दोस्ती, हिरवा. 'काय हा' असेल तर संताप, लाल. आणि माणूस स्वतःलाच म्हणत असेल, 'काल मी अगदी असा वागलो' म्हणून, तर तो पस्तावलाय. "त्याला पण हिरवा दे. बिचारा."

दुपारी डबा खाताना तिनं मला विचारलं, "लोणचं देते का, अ‍ॅसहोल?"

माझा घास अडकला. प्रवीणनं शांतपणे पाण्याची बाटली पुढं केली आणि म्हणाला, "अभिनंदन मॅडम. मला म्हणायला तिनं दोन महिने लावले व्हते."

*

प्रवीण रोज गंगापूरहून एसटीनं येतो. त्याची एकच तक्रार होती, या शब्दाला मराठीत शब्द नाही. म्हणून एकदा चौधरी सरांनी, म्हणजे आमच्या बॉसनी, आम्हाला समोर बसवून अर्थ सांगितला. सर आधी कॉलेजात इंग्रजी शिकवायचे. त्यांनी खडू असल्यासारखा मार्कर धरला.

"शब्दाचा मूळ अर्थ शरीराचा एक भाग. तो आपण ऑप्शनला टाकू." सर खाकरले. "लक्षात ठेवा, हा मनुष्य मूर्ख नसतो. मूर्खाला आपण माफ करतो. हा चोर नसतो. चोराला पोलीस धरतात. हा नियमात बसूनच दुसऱ्याला छळतो, आणि वर त्याला वाटतं, हा आपला हक्क आहे."

प्रवीण विचारात पडला. "सर, आमच्याकडं माणसाला त्या जागेचं नाव देत नाहीत. त्या जागेचं पुढं काय करीन ते सांगतात."

सरांनी मार्करला टोपण लावलं.

नाझिया म्हणाली, "और हमारे यहाँ तो सीधे खानदान से शुरू होते. ये अंग्रेजों की अच्छी है. आदमी की गाली उसी कू देते. कम से कम अम्मी कू बीच में नै लाते!"

हे वाक्य मी तेव्हा हसून सोडून दिलं होतं.

*

अर्थ कळल्यावर प्रवीण जिवंत नमुना शोधायला लागला. एके दिवशी सकाळी बसमधूनच त्याचा ऑफिसात फोन. आवाज आनंदानं फुटलेला. "सापडला! खरा सापडला! तिघांच्या सीटवर टॉवेल पसरून झोपलाय. बाई लेकरू घेऊन उभीय, आन् हा म्हणतो, टॉवेल मी आधी टाकला!"

"मग म्हण ना त्याला!" नाझिया ओरडली.

प्रवीण म्हणाला. खणखणीत म्हणाला. आम्ही सगळ्यांनी स्पीकरवर ऐकलं.

त्या माणसाला तो सरकारी हुद्दा वाटला असावा. त्याचा आवाज आला, "सायेब, सर्कल ऑफिसर म्हणून बदलून आले का तुमी? आधी सांगायचं ना. बसा, बसा!" आणि टॉवेल गोळा करून तो उठून उभा राहिला.

प्रवीण बसला नाही. बाईला बसवलं. पण त्या दिवसापासून गंगापूरच्या बसमध्ये त्याला लोक वाकून 'रामराम सायेब' करतात.

*

माझी गंमत वेगळीच. दिवसभर हा शब्द शेकडो वेळा वाचते, पण तोंडातून निघत नाही. नाझियानं चंगच बांधला होता, मीनलच्या तोंडून एकदा वदवून घ्यायचाच.

एकदा ती माझ्या स्कूटीवर मागं बसलेली. क्रांती चौकात एक कारवाला उलट बाजूनं असा घुसला, की आम्ही दोघी जवळजवळ रस्त्यावरच. नाझिया माझ्या कानाशी किंचाळली, "बोल! अब तो बोल! सौ टका वही है!"

मी छाती भरून श्वास घेतला, काच खाली केलेल्या त्या माणसाकडे बघितलं आणि जिवाच्या आकांतानं ओरडले, "अहो!"

नाझिया हसून हसून स्कूटीवरून उतरली. "गाली दे री, के शादी का पैगाम?"

*

आता तिच्या फोनबद्दल सांगायलाच हवं, कारण नाझियाचा राग तोंडात दिसत नाही, फोनमध्ये दिसतो.

आमच्या ऑफिसची रीतच उलटी आहे. दिवसभर शिव्यांना रंग देऊन देऊन आमच्यात शिवी म्हणजे माया आणि अदब म्हणजे राग असं होऊन बसलंय. चौधरी सर "प्रवीण बाळा, जरा येतोस का?" म्हणाले की प्रवीण आधी पाणी पितो, मग जातो.

नाझियाच्या फोनमध्ये प्रवीणचं नाव 'गधा' आहे. एकदा त्यानं तिच्या डब्यातला शेवटचा नान, खलियाच्या मटणरश्श्यात बुडवून, न विचारता खाल्ला. तिनं डबा झाकला आणि ती कामाला लागली. दुसऱ्या दिवशी प्रवीणनं तिला फोन लावला तेव्हा टेबलावरच्या तिच्या फोनवर अक्षरं उमटली, 'श्री. प्रवीण काळे'.

प्रवीणचा चेहरा पांढरा पडला! बिचारा गुलमंडीवर जाऊन इमरती घेऊन आला, तरी श्री. तसाच. मग शेवया आणल्या. मग बहिणीकडून मेंदी. कितीतरी दिवसांनी एकदा फोन वाजला आणि स्क्रीनवर 'गधा' दिसलं, तेव्हा त्यानं अख्ख्या ऑफिसला चहा पाजला.

आणि माझं नाव? तोच शब्द. इंग्रजीत, मोठ्या अक्षरांत.

*

त्या नावामुळेच अम्मी या भानगडीत आल्या. नाझियाच्या अम्मी उर्दू शाळेत शिकलेल्या, पण इंग्रजी अक्षरं जुळवून जुळवून वाचतात, आणि वाचल्याचा त्यांना फार आनंद होतो. फोन वाजला की आधी स्क्रीनवरचं नाव मोठ्यानं वाचायचं, मग हॅलो म्हणायचं, ही त्यांची सवय. एकदा माझा फोन आला. अम्मींनी वाचलं आणि लेकीला विचारलं, "ये आसहोल क्या होता गे?"

नाझिया भाकरीच्या पिठात हात घालून बसलेली. सुचेल ते बोलली. "जिगरी सहेली, अम्मी. अंग्रेजी में बोलते."

अम्मींनी ते मनात जपून ठेवलं.

ईदला मी शीरखुर्म्याला गेले. रोशन गेटजवळचं त्यांचं घर पाहुण्यांनी भरलेलं. अम्मींनी माझा हात धरला, दिवाणखान्याच्या मधोमध उभं केलं आणि कौतुकानं सगळ्यांना सांगितलं, "इनसे मिलो. ये हमारी नाझी की आसहोल हय!"

सगळ्या खाला, फुप्प्या प्रेमानं हसल्या. एकीनं माझ्या गालावरून हात फिरवला. "माशाल्ला!"

शेंद्र्याच्या कंपनीत इंजिनिअर असलेला त्यांचा एक भाचा मात्र शीरखुर्म्याची वाटी घेऊन तडक गच्चीवर गेला. ठसका खालपर्यंत ऐकू येत होता.

अम्मी मला म्हणाल्या, "तुम शरमा री क्यों? अच्छी बात हय. सब कू थोडी मिलती ऐसी."

*

तर, तो सोमवार. गुड मॉर्निंग, मीनल मॅडम.

मी दचकून विचारलं, "काय झालं गं?"

"काही नाही. आपण कशा आहात?"

आपण! मी खुर्चीत बसले ती उठेचना. थोड्या वेळानं चौधरी सरांनी आत बोलावलं आणि मला सगळं कळलं. टीमचं सीनियरपद द्यायचं ठरलं होतं. ते मला देत होते. नाझियाला त्यांनी शनिवारीच सांगून टाकलं होतं.

"पण सर, मला तर तिनंच शिकवलंय."

"शिकवते ती उत्तम. पण क्लायंटशी बोलायला शांत, नम्र माणूस हवा. ती क्लायंटलासुद्धा..." सर खाकरले. "तू विचार कर. संध्याकाळपर्यंत हो की नाही ते सांग."

मी बाहेर आले. नाझियाची खुर्ची रिकामी. प्रवीण म्हणाला, "डोकं दुखतंय म्हणून घरी गेली." मग जरा थांबून, "तुमाला पाणी आणू का, मॅडम?"

"प्रवीण, तू तरी मला तुम्ही म्हणू नको रे!"

"सवय करून ऱ्हायलोय."

मी नाझियाला फोन लावला. वाजून वाजून बंद झाला. पुन्हा लावला. तसंच. मेसेज टाकला, 'पद तुझं आहे, मी सरांना तसंच सांगणार आहे, फक्त आधी तुझ्याशी बोलायचंय.' तो तिनं उघडलासुद्धा नाही. त्या दुपारी मी कसले रंग दिले मला आठवत नाही. कुणीतरी मित्राला 'आय मिस यू, अ‍ॅसहोल' लिहिलं होतं. त्याला हिरवा देताना स्क्रीन धूसर दिसायला लागला.

प्रवीण खुर्ची ओढून शेजारी बसला. "रडू नको. इमरतीचं दुकान मला पाठ हाय."

"तिनं माझं नाव बदललं असेल का रे?"

प्रवीण खोटं बोलत नाही, हा त्याचा मोठाच दोष आहे. "माझं तर एका नानवर बदललं व्हतं," तो म्हणाला.

माझ्या डोळ्यांपुढे तिचा फोन दिसायला लागला. 'मीनल मॅडम'. की 'कु. मीनल जोशी, सीनियर'? उन्हं कलली. खालच्या दुकानदारानं चपलांचे हार आत घ्यायला सुरुवात केली. सरांनी केबिनच्या काचेतून माझ्याकडे बघून घड्याळ दाखवलं.

मी हात वर करून एक मिनिट मागितलं आणि पुन्हा फोन लावला. वाजतोय. वाजतोय. प्रवीणनं त्याचा कान माझ्या फोनला लावला. मी मनातल्या मनात वाक्य जुळवत होते, नाझिया, हे बघ, मी...

खटकन आवाज झाला. मी दचकले. पलीकडे भांडी वाजली, कुणीतरी फोन डोळ्यांपासून लांब धरला असावा, आणि मी तोंड उघडायच्या आत अम्मींचा आवाज आला. अक्षरं जुळवत, सावकाश, वाचल्याच्या आनंदात.

"आ... स... होल. नाझी! उठ गे, तेरी आसहोल का फोन आया!"