पाइपलाइन की बाटला

गॅसची रेंज घ्यायची कल्पना माझीच. बायकोने ती कधी मागितली नव्हती. आमच्या शेगडीचा एक बर्नर तिरपा जळायचा, तर ती पातेलं जरा सरकवून घ्यायची आणि काम चालायचं. मीच एका रविवारी चहा पिता पिता म्हणालो, "आता एक भारीतली घेऊन टाकू. पाच बर्नरची, खाली ओव्हन असलेली." ती इतकी खूश झाली की मला समोर बसवेना. कप तसाच ठेवून मी बाल्कनीत गेलो.

का घ्यायची होती, ते सांगतो. कंपनीने मला नाशिकच्या प्लांटला जाणार का म्हणून विचारलं होतं आणि मी नाही म्हणालो होतो. घरी बोललो नव्हतो. मी इथे मसाटच्या कारखान्यात प्रॉडक्शन बघतो. सिल्वासातली सगळी वर्षं आम्ही एका वाक्यावर काढली: नाशिकला जागा निघाली की जायचं. तिकडे आमचा फ्लॅट आहे, भाडेकरू नुकताच सोडून गेलेला. तिकडेच धाकट्या भावाकडे आई आहे. खुब्याचं हाड मोडल्यापासून तिला उठवायला, न्हाणीत न्यायला माणूस लागतं. आम्ही परतलो की आई आमच्याकडे येणार, हे कोणी बसून ठरवलेलं नव्हतं, पण सगळ्यांनी धरून ठेवलेलं होतं.

मला ते नको होतं. हे वाक्य मी बराच काळ टाळलं, पण याहून खरं दुसरं माझ्याजवळ नाही. आईवर राग नाही माझा. तिला उचलताना तिच्या दंडाची सैल कातडी मुठीत येते, ती "हळू रे" म्हणते, आणि मला खोलीतून पळून जावंसं वाटतं. सुट्टीत गेलो की चार्जर शोधायला, गाडीत हवा भरायला, कशालाही मी बाहेर पडतो. तिचं सगळं बायको करते, कुरकुर न करता.

साहेबांनी विचारलं होतं, "मिसेसना इथेच बरं वाटतं का?" मी नुसता हसलो. मग भाऊ दर फोनला खोदून विचारायला लागला, तेव्हा त्याला म्हणालो, "संधी आली होती, पण हिचं इथे बस्तान बसलंय आता. बघू पुढे." तो म्हणाला, "वहिनींचं मन नाही तर राहू दे." मी ते खोडून काढलं नाही. मला वाटलं, इथलं स्वयंपाकघर तिच्या मनासारखं झालं की ती रमेल, नाशिकचं नाव हळूहळू कमी होईल आणि मला काही सांगायची वेळच येणार नाही.

तर शनिवारी दुपारी आम्ही नरोली रोडवरच्या एका मोठ्या दुकानात गेलो. विक्रेता माझ्याच वयाचा गुजराती माणूस होता. पितळी बर्नर, जाड बिडाच्या जाळ्या, ज्योत विझली तर आपोआप गॅस बंद करणारी व्यवस्था, असं एकेक दाखवत होता. माझे पाय एका जागी ठरत नव्हते. मी उगाच बटणं फिरवत होतो, ओव्हनची दारं उघडत होतो. बायको मात्र मधल्या मोठ्या बर्नरपाशीच उभी.

"याच्यावर खापर राहील का हो भाऊ?"

"खापर एटले?"

"मातीचं. एवढं मोठं, पालथं ठेवायचं. त्याच्यावर मांडे करतात."

असलं काही कधी ऐकलंच नसल्यासारखा तो डोकं खाजवत म्हणाला, "बेन, पिझ्झानु पूछो, केकनु पूछो. आ तो पहेली वार सांभळ्यु."

ती हसली. मला म्हणाली, "राहील. आच सगळीकडून लागते. आखाजीला आई खुर्चीत बसून सांगतील, मी करीन. पुरण किती भरायचं तेवढं त्यांनी बघायचं."

माझ्या तेव्हाही ध्यानात आलं नाही. मला वाटलं, सणापुरतं आईला इथे आणायचं म्हणतेय.

काळ्या काचेची एक रेंज तिने पसंत केली. विक्रेत्याने नोंद करायला घेतली आणि विचारलं, "जेट कोणते बसवू? पाइपलाइन के बाटला?" सिलिंडरला इथे बाटला म्हणतात. जेट म्हणजे बर्नरला गॅस सोडणाऱ्या बारीक तोट्या; दोन्ही गॅसचे जेट वेगळे असतात, एकाचे दुसऱ्याला चालत नाहीत.

मी म्हणालो, "पाइपलाइन."

ती त्याच वेळी म्हणाली, "बाटला."

विक्रेता हसला. "साहेब, पहले घरमां पार्लमेंट भरो."

"अहो, आपल्या बिल्डिंगला पाइप कुठे आलाय अजून?" ती मला म्हणाली. मग थांबली. इथल्या आमच्या घरात पाइपचा गॅस कधीचाच आहे. ती नाशिकचं बोलत होती. मी रेंज घ्यायचं काढलं म्हणजे परतायचं ठरलं, असं तिने धरलं होतं. पर्समधून तिने मापाची चिठ्ठी काढली होती आणि माझ्याही खिशात माप होतं, इथल्या ओट्याचं, मी सकाळी स्वतः टेप लावून घेतलेलं. मी ते बाहेर काढलं नाही. ती माझ्याकडे बघत होती. विक्रेत्याला "कळवतो" म्हणून मी जिना उतरलो.

आम्ही गाडीत बसलो. मी किल्ली फिरवली, एसी लावला, आरसा उगाच नीट केला.

"तिकडच्या ओट्याचं माप मी धाकट्या जावेला घ्यायला लावलं," ती म्हणाली. "तर म्हणते, ताई, तुम्हाला यायचंच नाही तर माप कशाला? मला वाटलं, नेहमीचा टोमणा."

मी एसीचं बटण फिरवलं.

"कोणी सांगितलं तिला, मला यायचं नाही म्हणून?"

"मी," मी म्हणालो. मग बाकीचंही सांगितलं. नाशिकला नाही म्हणालो ते, आणि आईमुळे ते. तिच्याकडे न बघता, स्टिअरिंगकडे बघून.

ती रडेल असं वाटलं होतं. ती म्हणाली, "म्हणून गेल्या खेपेला आई माझ्या हातून पाणीसुद्धा घेत नव्हत्या. मला वाटत होतं, माझं काय चुकलं." आणि मग, "लावा फोन. आत्ता. भावजींना नाही, आईंना."

मी लावला. भावाने घेतला, आईच्या कानाशी धरला. मी म्हणालो, "आई, हिला यायचं नाही असं काही नव्हतं. मीच नाही म्हणालो कंपनीला. मला तुझं करायला जमणार नाही असं वाटलं."

पलीकडे टीव्हीचा आवाज येत होता. तो कोणीतरी बंद केला. आई म्हणाली, "तिले दे फोन."

बायको फोन घेऊन खाली उतरली आणि दार लावून दुकानाच्या पायऱ्यांपाशी जाऊन उभी राहिली. बोलणं ऐकू येत नव्हतं. ती ऐकत होती, मान हलवत होती. एकदा तिने पदराने नाक पुसलं. मी उतरावं की नाही हे ठरेना, दाराच्या मुठीवर हात ठेवून बसलो.

ती परत आली, पट्टा लावला. "मी उद्या सकाळी नाशिकला जाते. फ्लॅट झाडून घेते आणि आईंना तिथे आणते. तुमचं तुम्ही बघा, यायचं तर या."

"एकटीला कसं जमेल?"

"आत्तापर्यंत कोण होतं?"

मी गाडी काढली. मला शरम वाटायला हवी होती, आणि ती वाटलीही, पण नंतर, दादऱ्याच्या फाट्यापाशी. त्याआधी जे वाटलं ते असं, की आईला आता ती उचलणार आहे, मला उचलावं लागणार नाही. मी सुटलो.