चौदा विरुद्ध तेरा

मी हात वर केला तो सूपसाठी. क्लबाच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून एक बाई विचारत होत्या, मसुराचं सूप कोणाकोणाला हवंय. नेमकं त्याच क्षणी अध्यक्षांनीही काहीतरी विचारलं होतं. भुकेल्या माणसाच्या कानात सूप आधी शिरतं, त्याला माझा इलाज नाही. अध्यक्षांचा प्रश्न असा होता, की १९८७ सालचा सामना आपण जिंकलो असं कोणाचं मत आहे? माझा हात धरून चौदा हात झाले. हरलो म्हणणारे भरले तेरा.

आणि मला ‘हरलो’ या बाजूने मत द्यायला मुद्दाम घेऊन आलेले भास्करराव समोर बसून तो आकडा प्रोटोकोलमध्ये, म्हणजे सभेच्या इतिवृत्तात, लिहीत होते.

भास्करराव फ्रँकफर्टमधल्या एका आयरिश रग्बी क्लबाचे चिटणीस आहेत. आयरिश म्हणायला आता क्लबात जर्सीचा हिरवा रंग उरलाय आणि फिंटन नावाचा अठ्ठ्याहत्तर वर्षांचा संस्थापक. बाकी सगळे जर्मन, दोन जॉर्जियन, आणि पुण्याच्या नारायण पेठेतले भास्करराव. त्यांनी जन्मात रग्बी खेळलेली नाही. मुलगा निहार लहानपणी तीन महिने तिथे जायचा. पालकांच्या पहिल्या सभेत कोणीतरी विचारलं, लिहून कोण घेणार? सगळ्यांनी आपापल्या बुटांकडे पाहिलं. भास्कररावांच्या खिशाला पेन होतं. निहारने रग्बी सोडली, भास्करराव अठरा वर्षं लिहितायत. क्लबात मैदानावर न उतरणारे सभासदही असतात. मला त्यांनी त्यात भरती केलं ते अशाच अडीनडीच्या मतासाठी.

यंदा क्लबाला पन्नास वर्षं झाली, म्हणून तीन वर्षं खपून त्यांनी क्लबाचा इतिहास लिहिला. सगळं सुरळीत चाललं होतं, ते या एका सामन्यापाशी अडलं.

त्या दिवशी मैदानावर दाट धुकं होतं. शेजारच्या गावचा संघ दहा-नऊने पुढे. शेवटच्या मिनिटाला फिंटनने पेनल्टी मारली. चेंडू दोन खांबांमधून गेला तर तीन गुण आणि विजय. चेंडू धुक्यात शिरला, पंचांनी शिट्टी वाजवली, आणि दोन्ही संघ आपणच जिंकलो असं समजून एकाच टेबलाशी बिअर प्यायला बसले. तेव्हापासून दर नोव्हेंबरला क्लब हा विजय साजरा करतो आणि फिंटनला खांद्यावर घेतो. तो वरून ओरडत असतो की चेंडू बाहेर गेला होता. लोक म्हणतात, काय विनय आहे म्हाताऱ्याचा.

भास्कररावांनी चार शनिवार वाचनालयात बसून त्या वेळच्या स्थानिक पेपरातली चार ओळींची बातमी शोधून काढली. आपण नऊ, ते दहा. सभेत ती वाचून दाखवली तर एकजण म्हणाला, वार्ताहरही धुक्यातच उभा असणार. मग कोणीतरी ठरावच मांडला की विजयाची नोंद व्हावी. जर्मनीतली सभा, ठराव मांडला की मतदान आलंच.

मतदानानंतर मी उभा राहून माझा हात मागे घेतो म्हणालो. अध्यक्ष म्हणाले, नियमाप्रमाणे जाहीर झालेलं मत बदलता येत नाही. हा नियम पूर्वी कोणी घालून घेतला, तेही त्यांनी सांगितलं. भास्कररावांनी मान वर केली नाही.

दुसऱ्या दिवशी मी माफी मागायला त्यांच्या घरी गेलो. दार मालिनीवहिनींनी उघडलं.

“या. पोहे केलेत. खाणार असाल तर तोंडाने सांगा, हात वर करू नका.”

भास्करराव आतल्या खोलीत छापखान्यात जायच्या पानांसमोर बसले होते. सोमवारपर्यंत पानं द्यायची होती. मी म्हणालो, अहो, एका सामन्याचं काय एवढं, सदतीस... नाही, अडतीस-एकोणचाळीस वर्षं झाली त्याला.

“तुम्हाला साधी वजाबाकी येत नाही, आणि तुमच्या मतावर इतिहास ठरतोय,” ते म्हणाले. मग पानं बाजूला सारून त्यांनी आपल्या नेहमीच्या जर्मन ‘तर मग’ने सुरुवात केली. “आल्झो, ऐका. गेल्या वर्षी फिंटन हॉस्पिटलमध्ये होता. मी भेटायला गेलो तर माझं मनगट धरून म्हणाला, भास्कर, ह्या लोकांनी जन्मभर मला जिंकवलं. एकदा तरी मला हरू दे. लेखी. मी हो म्हटलं होतं हो.”

मी पोह्यांची बशी खाली ठेवली. वहिनी पाणी ठेवून गेल्या, एरवी त्यांनी नक्की काहीतरी सुनावलं असतं.

ठराव मोडता येत नव्हता. तो मोडणारा माणूस भास्करराव नव्हेत. खोटं लिहिणाराही नव्हेत. तीन दिवस ते त्या एका परिच्छेदाशी झटत होते, आणि मी फोन केला की वहिनी फक्त “अजून तिथेच आहेत” एवढंच म्हणायच्या.

सोमवारी संध्याकाळी ते स्वतः माझ्या दारात उभे राहिले आणि आत न येता एक पान पुढे केलं. त्यावर होतं: ‘२१ नोव्हेंबर १९८७. दाट धुकं. फिंटनची शेवटची किक खांबाबाहेरून गेली. सर्वसाधारण सभेच्या ठरावानुसार हा सामना क्लबाने चौदा विरुद्ध तेरा मतांनी जिंकला.’

अध्यक्षांनी घाईत वाचून ‘गेनाऊ’, म्हणजे ‘अगदी बरोबर’, म्हणत सही केली होती. फिंटनने मात्र किक खांबाबाहेरून गेल्याची ओळ दोनदा वाचायला लावली, आणि पानाची एक प्रत घडी करून कोटाच्या आतल्या खिशात ठेवली.

“अहो, झकास जमलंय,” मी म्हणालो.

“कसलं झकास? ‘हरलो’ एवढा एक शब्द लिहायचा होता मला. त्याच्यासाठी हे चऱ्हाट वळावं लागलं.”

एवढं ऐकूनही माझी जीभ गप्प बसली नाही. मी विचारलं, पुस्तक आलं की मलाही एक प्रत मिळेल ना?

“प्रत सभासदांना मिळते, तुमचा राजीनामा मी टाइप करून आणलाय, खाली सही करा.”