विणलेला गमछा उसवायचा नसतो

गेमवाल्या मंडळींनो, आज घरी जे झालं ते सांगितल्याशिवाय राहवत नाही.

विणकामाची लेव्हल झटपट वाढवायची युक्ती तुम्हाला माहीतच आहे. सगळ्यात साधा गमछा विणायचा, लगेच उसवायचा आणि त्याच सुतातून परत विणायचा. सकाळपासून मी तेच करत होते. संध्याकाळी ड्रॅगनशी लढाई, आणि आगीत न जळणारे झगे विणायची जबाबदारी टीमने माझ्यावर टाकलेली.

तेवढ्यात बाबा मागे येऊन उभे राहिले. त्यांचं सारं आयुष्य मोहाडीत हातमागावर गेलंय.

"काहून उसवून राहिली वं? फाटला काय?"

"नाही बाबा, असं केलं की लेव्हल वाढते."

"मागावरून उतरलेलं कापड कोणी उसवते काय! कोणाले तरी दे ना."

त्यांचा चेहरा बघून माझा नाइलाज झाला. गेममधल्या गावाच्या वेशीवर नवे खेळाडू उघडेबोडके फिरत असतात, त्यांना मी गमछे वाटत सुटले. सूत संपलं. झग्यांचं आता काय, म्हणून मी कपाळाला हात लावला.

आणि तेच नवे खेळाडू रानातून कापूस वेचून माझ्याकडे आणायला लागले! त्याचं सूत काढून मी विणत गेले, तर उसवून वाढली नसती इतक्या लवकर लेव्हल वाढली. झगेही लढाईआधी तयार झाले.

जेवताना बाबांनी हळूच विचारलं, "त्या पोराईले पुरले काय वं गमछे?"

"एक कमी पडला, बाबा."

"मंग बसली काहून? विण ना!"

तर तुमच्यापैकी कोणाला गमछा मिळायचा राहिलाय? वेशीवर या. बाबा खुर्ची टाकून माझ्या बाजूलाच बसलेत.