तेल लावून आलेला मेकॅनिक

त्या वर्षी आमच्या सांगलीच्या घरातला बंब माळ्यावर गेला आणि गॅसचा गिझर आला. नरकचतुर्दशीच्या पहाटे सगळे तेल लावून बसलो आणि तो पेटेचना. पलीकडच्या गल्लीतला पन्नाशीचा मेकॅनिक धावत आला, तोही तेल लावूनच. शर्ट पाठीला चिकटलेला. पाणी आत शिरतं तिथली जाळी काढून त्याने तळहातावर आपटली, तर चिमूटभर वाळू पडली. जाळी ब्रशने घासून बसवताच गिझर भप्पकन पेटला.

"आता इथंच अंघोळ करून जा," आई म्हणाली.

"नको वैनी. घरी म्हातारी उटणं घिऊन बसलीया. तिनं पाठ चोळल्याबिगर आमची दिवाळी न्हाई."

तो गेला आणि मी न्हाणीतून ओरडलो, "आई, पाठ चोळ की!"