मी फितूर झालो तो दिवस

वळसंगच्या रस्त्यावर भरदुपारी एका मेंढपाळाला लोखंडी गजानं मारताना मी पाहिलं. मेंढ्या ज्वारीत शिरल्या, एवढंच कारण. मी शाळेतून परतत होतो. गाडी थांबवून ओरडलो, तेव्हा मारणारा पळाला. त्याला मी ओळखत होतो. जखमीला रिक्षात घालून सोलापूरला दवाखान्यात नेलं, पोलिसांना जबाबही दिला. तेव्हा मला स्वतःचा अभिमान वाटला होता.

दोषारोपपत्र दाखल झालं आणि मग नुसत्या तारखा. कधी आरोपीचे वकील गैरहजर, कधी न्यायाधीशांची बदली. मला साक्षीचं समन्स यायला पाच वर्षं लागली. तोवर आरोपीचा चुलता आमच्या शाळेच्या संस्थेत संचालक झाला होता आणि माझ्या नोकरीच्या कायम मान्यतेचा कागद त्याच्याकडे अडकला होता. त्यानं धमकी दिली नाही. फक्त म्हणाला, "सर, इतक्या वर्षांपूर्वीचं कुणाला नीट आठवतंय?"

साक्षीच्या पिंजऱ्यात मी शपथ घेतली आणि सांगितलं, "मी पोचलो तेव्हा तो पडलेला होता. मारणारा मी पाहिला नाही."

सरकारी वकिलांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. मला फितूर ठरवून त्यांनी माझाच जबाब वाचून दाखवला.

"पोलिसांनी असं का लिहिलं, मला सांगता येणार नाही," मी म्हणालो. हे वाक्य चुलत्यानं पाठवलेल्या वकिलानं मला शिकवलं होतं.

बाहेर व्हरांड्यात तो मेंढपाळ उभा होता. मोडलेला उजवा हात कोपरात वाकडाच जुळला होता.

"गुरुजी, तुमी व्हता की तितं. त्याला नावानं हाक मारली तुमी. मी ऐकली."

"आता नीट आठवत नाही," मी म्हणालो.

"व्हय, लई दिस झालं," एवढंच तो म्हणाला आणि बसस्टँडकडे निघाला. भांडला असता तर मला बरं वाटलं असतं.

पुराव्याअभावी आरोपी निर्दोष सुटला. माझी मान्यताही आली.

त्या मेंढपाळाची मुलगी माझ्याच वर्गात, आठवीत होती. साक्षीच्या दुसऱ्या दिवशी मी हजेरी घेतली. तिचं नाव आलं तसं ती नेहमीसारखंच स्वच्छ आवाजात "हजर, सर" म्हणाली. मला वहीतून मान वर करता आली नाही.