एकोणिसाव्या बेटापर्यंत

माझे धाकटे दीर या जन्मात एका जागी सलग पाच मिनिटं बसलेले नाहीत, हे मी कुठल्याही देवासमोर सांगायला तयार आहे. तुम्ही म्हणाल वहिनी वाढवून सांगतात. वाढवून कसली, मी चार गोष्टी गाळूनच सांगते आहे. जेवायला बसले की दुसऱ्या घासाला उठतात, मीठ आणायला. मीठ ताटातच असतं. केस कापायला गेले की अर्धं डोकं झाल्यावर गळ्यात फडकं तसंच घेऊन बाहेर येतात, कोण गेलं ते पाहायला. एसटीत बसले तर प्रत्येक थांब्यावर उतरून चाकं पाहून येतात. रिसोडहून वाशीमला जाईपर्यंत कंडक्टर त्यांना इतक्या वेळा मोजतो की बिचारा स्वतःचीच सीट विसरतो. मुलगी पाहायला गेले तेव्हा पोहे येईपर्यंतसुद्धा दम निघाला नाही. भिंतीवरचं बंद घड्याळ दिसलं, उठले, उतरवलं आणि कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून उघडून बसले. माझी जाऊ आजही सांगते, "मी तोंड पाह्यलंच नाई, पाठ पाहूनच हो म्हणलं." घड्याळ मात्र तिच्या माहेरी अजून चालतं.

आता गंमत अशी की हाच माणूस डोळ्यात भिंग लावून घड्याळापुढे बसला की दगड व्हायचा. रिसोडच्या स्टँडजवळ त्यांचं घड्याळ-रेडिओ दुरुस्तीचं एवढंसं दुकान होतं, दोन माणसं आत गेली की तिसऱ्यानं श्वास बाहेरच घ्यावा एवढंसं. तिथं मी त्यांना तास-तास हलताना पाहिलं नाही. स्क्रू खाली पडला तर म्हणायचे, "कोणी हलू नका," आणि खरंच दुकानातली, पायरीवरची, कधी कधी रस्त्यावरचीही माणसं जागच्या जागी थांबायची. दुरुस्तीला आलेल्या प्रत्येक वस्तूला धाग्यानं चिठ्ठी बांधायची पद्धत होती, पण चिठ्ठीवर नाव कधी नाही. नावाचं काय, एका नावाचे दहा जण असतात, असं त्यांचं म्हणणं. माणूस कसा आला ते लिहायचं. मग चिठ्ठ्या अशा: 'मोठ्या बाई, हसत आल्या, जाताना छत्री विसरल्या.' 'पांढरी टोपी, घाईत, चहा घेतला नाही.' आणि तुम्ही हसाल, पण चुकीच्या हातात एकही घड्याळ गेलं नाही.

चार वर्षांपूर्वी हाताला कंप आला आणि दुकान बंद करावं लागलं. कोणी न्यायला न आलेल्या वस्तू पत्र्याच्या डब्यातून घरी आल्या. भाऊजींना तेवढंच निमित्त. गावोगाव फिरून, पांढऱ्या टोप्या आणि हसऱ्या बाया शोधून, एकेक वस्तू ज्याची त्याला पोचवून आले. एका ठिकाणी तर घड्याळाचा मालकच वारला होता, त्याच्या नातवाच्या मनगटावर बांधून आले. शेवटी डब्यात एकच वस्तू उरली. हातात मावेल असा निळा व्हिडिओ गेम, मागे कॅसेट घालायची तसला, आणि त्याला पिवळी पडलेली चिठ्ठी. त्या वस्तूबद्दल विचारलं की भाऊजी उठून जायचे. तसे ते काहीही विचारलं तरी उठून जातात, म्हणून आम्ही कोणी मनावर घेतलं नाही.

मग एका दुपारी ते माझ्याकडे आले. आमची घरं भिंतीला भिंत लागून. आमचे हे गेल्यापासून दुपारी माझ्याकडे फारसं कोणी फिरकत नाही, मी आपली गहू निवडत ओट्यावर बसलेली. हातात मोबाइल पुढे करून म्हणाले, "वयनी, तुमाले इंग्रजी येते ना?" आता माझं इंग्रजी म्हणजे बियाण्याच्या थैल्या आणि गोळ्यांची पाकिटं वाचून जमवलेलं, शाळा चौथीतच सुटली. पण आपण होऊन कोणी विचारलं तर नाही कोण म्हणेल. मी चष्मा लावला.

त्यांनी आधीच बराच उद्योग करून ठेवला होता. निळ्या यंत्राचा पडदा पार मेलेला, त्याचे पार्ट आता जगात मिळत नाहीत. पण मोबाइलमध्ये एक ॲप घालता येतं, ते त्या जुन्या यंत्राचं सोंग घेतं, हुबेहूब, बटनांसकट. फक्त आत खेळ नसतो, तो आपण आणून घालायचा. मोबाइलच्या दुकानात पोरगं म्हणालं, आजोबा, हजार गेम एकदम टाकून देतो. भाऊजी बिथरले. हजार नको, एकच हवा, आणि तोही बाहेरून आणलेला नाही, या कॅसेटमधलाच. वस्तू गिऱ्हाइकाची, तिच्यात दुसऱ्याचा माल कसा भरायचा. मग कॅसेट वाचणारी एक वायरवाली डबी कुठून कुठून मागवली, महिनाभर तिची वाट पाहण्यात आमच्या गल्लीतला प्रत्येक नळ त्यांनी घट्ट करून टाकला, आणि अखेर खेळ मोबाइलमध्ये उतरवला. उतरला, पण ॲपला सापडेना. आठ दिवस सापडेना. घरात भाऊजी मोबाइल हातात धरून म्हणत, "कोणी हलू नका," आणि जाऊ पोळी लाटता लाटता लाटणं वर धरून उभी.

मी पाहिलं तर ॲप उघडलं की पडद्यावर एक प्रश्न येत होता. मी अक्षर अक्षर लावून वाचला. ते विचारत होतं, तुमच्या फाइली पाहू का. आणि भाऊजी आठ दिवस रोज, न चुकता, नाही म्हणत होते.

"परक्या माणसाले कपाटाची किल्ली द्याची?" ते म्हणाले.

मी म्हटलं, भाऊजी, तुम्हीच त्याला शोधायला सांगता आणि तुम्हीच दार लावता, तो बिचारा काय करेल. मी 'हो' दाबलं. खेळ लगेच सापडला. काळं-पांढरं पाणी, काठाला बांधलेली छोटी होडी, दूरवर एक बेट. मी म्हटलं, छान आहे हो. पण भाऊजी चक्क बसले होते. गुडघासुद्धा हलत नव्हता. मला भीतीच वाटली.

मग त्यांनी जे सांगितलं ते जाऊलाही माहीत नव्हतं. पंचवीसेक वर्षांपूर्वी बाजाराच्या दिवशी शिरपूरची एक अकरा-बारा वर्षांची पोरगी बापाबरोबर आली होती. मामानं परदेशातून आणलेला गेम, पडद्यावर रेघा आलेल्या. एकवीस बेटं आहेत, होडी न्यायची आणि प्रत्येक बेटावर दिवा लावायचा असा तो खेळ. पोरगी काउंटरवर हनुवटी टेकवून म्हणाली, "काका, माही होडी एकोणिसाव्या बेटावर हाय. तिले धक्का लावू नका." भाऊजींनी एका दिवसात रेघा घालवल्या. आणि काम नीट झाल्याच्या आनंदात कॅसेटही उघडली, धूळ पुसायला. आत घड्याळात असतो तसा गोल सेल होता, जुना झालेला. घड्याळजीचा हात तो. जुना सेल दिसला की बदलायचा, पैसे मागायचे नाहीत, पोरीला तेवढीच भेट. नवा सेल घातला, यंत्र सुरू केलं, तर होडी पहिल्या काठाला. घड्याळाचा सेल बदलला की काटे फिरवून वेळ लावता येते. इथं पोरीची सगळी वाट त्या सेलाच्या जिवावर जपलेली होती, आणि ती भाऊजींच्या हातानं पुसली गेली.

पोरगी पुढच्या बाजाराला आली. भाऊजी म्हणाले, पार्ट अकोल्याहून यायचा आहे. पुढच्यालाही तेच. असं पाच वेळा.

"पाचव्या खेपेला तिनं इचारलंच नाई, वयनी. नुसतं माह्या तोंडाकडं पाह्यलं आन गेली. मंग आलीच नाई." आणि मग, "एवढ्या वर्षांत एक वस्तू बिघडवली, वरून खोटं बोललो. हात पुरते जायच्या आंधी तिची होडी होती तिथं नेऊन ठेवतो."

तर अशी आमची सफर सुरू झाली. रोज दुपारी, माझ्या ओट्यावर. काचेवरच्या बटनांना उंचवटा नाही, कापरा अंगठा घसरायचा, होडी खडकावर. मग त्यांनी डब्यातली तुरीची डाळ घेतली आणि प्रत्येक बटनाच्या कडेला डिंकानं एकेक दाणा चिकटवला. अंगठा दाण्याला टेकला की बटन शेजारीच. तो मोबाइल पाहून माझी जाऊ म्हणाली, आता यावर फोडणीच काय ती बाकी. बेटावरची माणसं इंग्रजीत कोडी घालायची, ती मी डिक्शनरी लावून सोडवायची आणि वहीत रस्ता मांडायचा: खडक उजवीकडे टाका, वारा फिरेपर्यंत थांबा. खेळ थांबवताना भाऊजी ॲपमध्ये जागा जपून ठेवायचे, एकदा नाही, तीनदा, आणि तरी भरवसा नाही म्हणून मोबाइललाच धाग्यानं चिठ्ठी बांधायचे: 'बारावं बेट, वारा उलटा, वयनी चिडलेल्या.'

ॲपमध्ये दुप्पट वेगानं पळवायचंही बटन होतं. मी शंभरदा म्हटलं, दाबा ना ते, समुद्र ओलांडायला पाव तास लागतो. नाही म्हणजे नाही. गिऱ्हाइकाच्या कामात घाई करायची नाही. एसटीची चाकं मोजणारा माणूस पाव पाव तास होडीकडे पाहत बसायचा. सगळी घाई गुडघ्यात उतरायची. गुडघा असा पळायचा की माझे निवडलेले गहू पुन्हा खड्यांत मिसळायचे.

दीड वर्ष लागलं. एकोणिसाव्या बेटावर दिवा लागला त्या दिवशी भाऊजींनी मोबाइल रुमालात गुंडाळून देवघरात ठेवला आणि मला निळ्या यंत्राची चिठ्ठी दाखवली: 'शिरपूर. दोन वेण्या. वरचा दात पडलेला. बाप शिंकला की बाजार थांबतो.' म्हणाले, शोधा. स्वतः जायचा धीर नव्हता. आता पंचवीस वर्षांनी वेण्या कुठल्या आणि पडलेला दात कुठला. पण शिंकेवर माझा विश्वास होता. जीपनं शिरपूरला गेले, मंदिराजवळच्या चहावाल्याला विचारलं, इथं मोठ्यानं शिंकणारं कोण आहे. त्यानं किटली खाली न ठेवता समोरच्या कापडदुकानाकडे बोट केलं. गादीवर पंचाहत्तरीचे शेटजी बसलेले. मी दोन शब्द बोलले असेन-नसेन, त्यांना शिंक आली आणि रस्त्यावरचा एक सायकलवाला खाली उतरला. मुलगी जालन्याला दिली होती. बारा दिवसांनी दर्शनाला येणार होती, तेव्हा तुमच्याकडे पाठवतो म्हणाले.

ते बारा दिवस आमच्या गल्लीनं कसे काढले ते गल्लीलाच माहीत. भाऊजींनी पाच घरांची घड्याळं न सांगता दुरुस्त केली, त्यांतली चार आधी बरी चालत होती. त्यांचा हात आता पूर्वीचा नाही, हे त्या चार घरांनी त्यांना कळू दिलं नाही. नव्या वेळेवर उठायला लागली, एवढंच.

ती आली. चाळिशीची, भरल्या अंगाची बाई, दात आलेला, बाकी काउंटरवर टेकवायची हनुवटी तीच असावी. भाऊजी उठले, बसले, उठले. निळं यंत्र तिच्या हातात दिलं, वर डाळीचा मोबाइल ठेवला आणि उभ्या उभ्या म्हणाले, "पार्ट यायचा हाय असं मी पाच खेपा सांगतलं. पार्ट लागतच नोहता. तुही होडी माह्या हातानं पुसल्या गेली, बाई. आता पाहून घे. एकोणिसावं बेट."

तिनं पडदा पाहिला. डाळीच्या दाण्यांवरून बोट फिरवलं. मग पदर तोंडाला लावला. आम्हाला वाटलं रडते आहे. ती हसत होती, आणि हसता हसता मग रडलीही थोडी.

"काका, मी सातव्यावरच होती. आठव्याचा खडक मले कधी पारच झाला नाई. एकोणीस म्हणलं म्हंजे तुमी जपून हात लावसान, म्हणून म्हणलं." आणि खाली पाहून, "मले वाटे, तुमी उघडून पाह्यलं आन माहं खोटं समजलं, म्हणून तुमी देऊन नाई राह्यले. म्हणून मंग आलीच नाई मी."

जाऊ दारात चहाचा ट्रे घेऊन थांबलेली. कोणी हलू नका म्हणायची गरजच नव्हती.

भाऊजी खाली बसले. बोटांवर काहीतरी मोजलं. "म्हंजे बारा बेटं जास्तीची झाली," एवढंच म्हणाले.

तिनं मोबाइल पुन्हा त्यांच्या हातात दिला. "आठव्याचा खडक कसा काढला ते तं दाखवा." आणि मग ती दोघं माझ्या ओट्यावर शेजारी शेजारी बसली, त्यांचा कापरा अंगठा आणि तिचा बांगड्यांचा हात, आणि चहा तसाच निवला. जाताना तिनं होडी आपल्या मोबाइलमध्ये उतरवून घेतली, निळं यंत्र पर्समध्ये घातलं. भाऊजींनी त्याची चिठ्ठी आधीच सोडून घेतली होती, ती फाडली, धागा बोटाला गुंडाळून खिशात ठेवला. धागा ते टाकत नाहीत. पत्र्याचा डबा मात्र रिकामा झाला. जाऊनं त्यात लगेच शेवया भरल्या.

आता एक माझंही सांगून टाकते, कारण त्या दिवशी सगळ्यांनीच आपापलं सांगितलं आणि मी गप्प बसले. सतराव्या बेटाचा रस्ता मला पहिल्याच दिवशी सापडला होता. मी वहीत तो दोनदा उलटा मांडला. दोन महिने आम्ही त्याच पाण्यात फिरत होतो. इंग्रजी अवघड होतं म्हणून नाही. आमच्या दुपारी लवकर संपू नयेत म्हणून.

दुसऱ्या दिवशी मी गहू घेऊन बसले खरी, पण ओटा हलत नव्हता आणि गहू पटपट निवडून होत होते. काम झालं होतं, आता कशाला येतील. नेहमीच्या वेळेला पायऱ्यांवर पाय वाजले. भाऊजी आले, बसले, उठले, रस्त्यावर पाहून आले, पुन्हा बसले. गुडघा सुरू झाला. हातातल्या मोबाइलवरचे डाळीचे दाणे अजून तसेच.

"पुढचं आपलं काम नोहे," म्हणाले. मग थोड्या वेळानं, माझ्याकडे न पाहता, "पण इसावं बेट कुठीसा हाय, ते वाचून तं ठेवा. आन मोबाइल तुमी धरा आता, वयनी. मले सांगता येते, दाबता नाई येत."

मी सूप बाजूला सारलं, चष्मा पुसला आणि जमेल तितकं सावकाश वाचायला घेतलं.